बोलणारा एक, ऐकणारं अख्खं गाव

१७ सप्टेंबर १९४८ रोजी हैदराबादच्या रेडिओवरून निजाम मीर उस्मान अली खान स्वतः बोलले. चार दिवसांपूर्वी भारतीय फौज सोलापूरकडून नळदुर्गात शिरली होती, आणि लढाई थांबवल्याचं जाहीर करण्यापलीकडं त्यांच्या हातात फारसं काही उरलं नव्हतं. दरवर्षी या तारखेला आपण मराठवाडा मुक्तिसंग्राम दिनाचं झेंडावंदन करतो, हुतात्म्यांची नावं घेतो. रेडिओचा उल्लेख त्यात सहसा येत नाही. सव्वादोनशे वर्षांची आसफजाही संपल्याची खबर दवंडीवाल्याची वाट बघत बसली नाही. ज्याच्या घरी सेट होता त्याच्या ओसरीवर ती आधी उतरली. कुणी वकील, कुणी देशमुख, पेठेतला एखादा अडत्या. तिथून पुढं ती तोंडातोंडी शिवारात गेली.

त्याआधी तीन वर्षं, १५ ऑगस्ट १९४५ ला, जपानमध्ये असंच झालं होतं. सम्राट हिरोहितो यांचा आवाज सामान्य जपानी माणसानं तोवर ऐकलेलाच नव्हता. शरणागतीचं भाषण आदल्या रात्री तबकडीवर मुद्रित केलं गेलं. काही लष्करी अधिकारी ती तबकडी नष्ट करायला राजवाड्यात घुसले, पण त्यांना ती सापडली नाही. दुसऱ्या दिवशी दुपारी देशभर लोक रेडिओपुढं गोळा झाले. सम्राटांची दरबारी भाषा इतकी जड, की भाषण संपल्यावर निवेदकानं सोप्या शब्दांत सांगितलं तेव्हा कुठं अनेकांना कळलं की आपण हरलोय.

राजा सहजासहजी दिसू नये, त्याचा आवाज कानी पडू नये, यातच जुन्या राजेपणाचा निम्मा दरारा होता. रेडिओनं तो आवाज माजघरात आणून ठेवला. प्रसारणानं जग कसं बदललं याची चर्चा निघाली की लोक ‘रेडिओनं काय सांगितलं, टीव्हीनं काय दाखवलं’ इथून सुरू करतात. मला वाटतं, सांगितलं-दाखवलं हा त्यातला लहान भाग आहे. माईक कुणाच्या हातात आहे, किती जण एकाच क्षणी ऐकताहेत आणि ऐकून झाल्यावर ते आपसात काय बोलतात, हे बघितलं की बऱ्याच गोष्टी उलगडतात. आणि हे बघायला मराठवाड्यासारखी जागा चांगली, कारण माईक इथं फार क्वचित होता. आपण कायम ऐकणाऱ्यांच्या बाजूला.

मुठीनं फोकलेलं बी

पत्र किंवा फोन एका माणसाकडून दुसऱ्या माणसाकडं जातो. तिफणीच्या चाड्यात सोडलेला दाणा नळीतून नेमक्या तासात पडावा तसा. प्रसारण म्हणजे मूठ भरून बी फोकणं. कुठं पडेल, कुठं उगवेल, कुठं पाखरं वेचून नेतील, ते फोकणाऱ्याच्या हातात राहत नाही. पाठवणारा एक, घेणारे अगणित, आणि घेणाऱ्याला उलट बोलायची सोय नाही.

वर्तमानपत्रही एकाकडून अनेकांकडं जातं, मग रेडिओत वेगळं काय? वाचता यायला लागत नाही. १९५१ च्या जनगणनेत हैदराबाद राज्यात दहातल्या नऊ जणांना लिहिता-वाचता येत नव्हतं. त्यांच्यासाठी छापील जग बंद दाराआड होतं, रेडिओनं ते दार एका फटक्यात उघडलं. मजूर, म्हातारी, पोर, सगळे एकाच पायरीवर आले. निदान ऐकण्यापुरते तरी. सेट कुणाच्या घरी आहे आणि त्या ओसरीवर कुणाला चढू दिलं जातं, हा प्रश्न होताच. गावात ग्रामपंचायतीचा रेडिओ आला आणि कर्णा बाहेर लागला, तेव्हा तोही थोडा सुटला. कारण आवाजाला वेस कळत नाही.

आता थोडं तंत्र, कारण त्याशिवाय पुढचं कळायचं नाही. मध्यम लहरी, म्हणजे रेडिओवरचं मीडियम वेव्ह, जमिनीच्या वळणानं सरपटत लांब जातात. दिवसा आकाशात उंचावर असलेला विद्युतभारित हवेचा एक थर आभाळाकडं गेलेल्या लहरी गिळून टाकतो. सूर्य बुडाला की तो थर विरतो, लहरी आणखी वरच्या थरापर्यंत पोचतात आणि तिथून परावर्तित होऊन शेकडो किलोमीटरवर उतरतात. म्हणून दिवसा नुसती खरखर करणारं लांबचं स्टेशन रात्री जेवणं झाल्यावर खणखणीत लागायचं. लघुलहरी, म्हणजे शॉर्ट वेव्ह, तर याच उड्या मारत समुद्रही ओलांडतात. एफएमचं उलटं आहे. ती सरळ रेषेत जाते, डोंगर आडवा आला की अडते, साठ-सत्तर किलोमीटरवर दम टाकते. बालाघाटाच्या एका अंगाला एफएम लागतं आणि घाट उतरला की गायब, त्याचं कारण हे.

यातून एक मजा होते. लहरी राज्याची हद्द मानत नाहीत. देगलूर-बिलोलीकडं रात्री सुई फिरवली की तेलुगू, उमरग्याकडं कन्नड, आणि सगळीकडं हैदराबादची उर्दू. शाळेच्या नकाशावर महाराष्ट्र कुठं संपतो ते वेगळं, आणि कानाचा नकाशा वेगळा. मराठवाड्याच्या गळ्यात दखनी, मराठी, तेलुगू चाली एकमेकींत मिसळलेल्या आहेत, त्यात शतकांच्या शेजाराचा वाटा मोठा असला तरी या रात्रीच्या लहरींनाही थोडं श्रेय द्यायला हरकत नाही.

घड्याळ लावून घ्या

रेडिओनं सगळ्यात शांतपणे केलेलं काम म्हणजे वेळ. बीबीसीनं ५ फेब्रुवारी १९२४ पासून ग्रीनिचच्या वेधशाळेचे सहा टोले हवेत सोडायला सुरुवात केली, आणि लंडनमधला साहेब आणि खेड्यातला शेतकरी एकाच सेकंदावर आले. आपल्याकडं बातम्यांआधीचा पीप-पीप वाजला की घरातलं चावीचं घड्याळ त्याच्यावर लावायची पद्धत होती. तोवर गावाची वेळ सावलीवर, कोंबड्यावर, एसटीच्या मुक्कामी गाडीवर चाले. रेडिओ आल्यावर ‘बातम्या लागल्या, पोराला शाळेला उशीर होईल’ हे वाक्य तयार झालं. रमजान ईदचा चांद दिसल्याची खबरही रेडिओनं एकाच क्षणी मोहल्ल्यामोहल्ल्यांत पोचवली. आपण एका देशात राहतो हे माणसाला नकाशा बघून कमी कळतं. आत्ता, याच मिनिटाला, आपण ऐकतोय तेच सगळे ऐकताहेत, यानं ते जास्त कळतं.

जगाच्या पातळीवर याचं टोक म्हणजे २० जुलै १९६९. चंद्रावर माणूस उतरला तेव्हा साठ कोटींच्या आसपास लोक टीव्हीपुढं होते असा अंदाज केला जातो. आपण त्यांत नव्हतो. भारतात टीव्ही तेव्हा दिल्लीपुरता होता, मुंबई दूरदर्शन सुरू झालं ते २ ऑक्टोबर १९७२ ला. आपल्याला चंद्र रेडिओवर ऐकावा लागला आणि दुसऱ्या-तिसऱ्या दिवशी वर्तमानपत्रात बघावा लागला. ‘सगळं जग एकत्र बघत होतं’ असं पाश्चात्त्य लेखक लिहितात तेव्हा त्या सगळ्या जगात आपण धरलेले नसतो, हे लक्षात ठेवलेलं बरं.

कुणाची पेटी, कुणाची बोली

माईकवर काय चालेल हे ज्याच्या हातात, त्याच्या हातात ‘चांगलं’ काय हे ठरवायची ताकद येते. याचं हार्मोनियमइतकं ठसठशीत उदाहरण दुसरं नाही. १९४० मध्ये ऑल इंडिया रेडिओनं हार्मोनियमवर बंदी घातली. म्हणणं असं, की हे परदेशी वाद्य, त्याचे सूर ठरलेले, आपल्या संगीतातल्या श्रुती आणि मींड त्यातून निघत नाहीत. बंदी उठायला १९७१ उजाडलं. तीसेक वर्षं रेडिओच्या स्टुडिओत पेटीला दार बंद, आणि त्याच काळात परभणीपासून अंबाजोगाईपर्यंत एकही भजनी मंडळ पेटीशिवाय बसत नव्हतं. शास्त्राच्या दृष्टीनं आक्षेपात तथ्य होतंच. पण दिल्लीतल्या एका आदेशानं अख्ख्या देशाच्या सप्ताहांतलं वाद्य ‘हलकं’ ठरलं, हे प्रसारणाशिवाय शक्य नव्हतं.

दुसऱ्या वेळी मात्र ऐकणाऱ्यांनी हिसका दाखवला. १९५२ मध्ये बा. वि. केसकर नभोवाणी मंत्री झाले. त्यांना सिनेमाची गाणी म्हणजे अभिरुचीचा ऱ्हास वाटे. निर्मात्यांशीही वाद झाला आणि आकाशवाणीवरून चित्रपटगीतं जवळजवळ नाहीशी झाली. लोकांनी काय केलं? मोर्चा काढला नाही, सुई फिरवली. दुसऱ्या महायुद्धात माउंटबॅटन यांच्या आग्नेय आशिया कमांडनं सैनिकांच्या करमणुकीसाठी सिलोनमध्ये एक दणकट लघुलहरी प्रक्षेपक उभारला होता. युद्ध संपलं, यंत्र राहिलं, त्यावरून रेडिओ सिलोन हिंदी गाणी लावू लागला. १९५२ च्या अखेरीस अमीन सयानींची बिनाका गीतमाला सुरू झाली आणि बुधवारची रात्र त्यांची झाली. शेवटी सरकारलाच नमतं घ्यावं लागलं, ३ ऑक्टोबर १९५७ ला विविध भारती आली. जपानशी लढणाऱ्या सैनिकांसाठी बांधलेलं यंत्र बीड-जालन्याच्या ओसरीवर गाणी पोचवतं आणि दिल्लीचं धोरण फिरवतं. प्रसारणाचा इतिहास असल्या अनपेक्षित वळणांनीच भरलाय.

त्या सेटचं कौतुक ज्यांनी बघितलंय त्यांना सांगायला नको. मर्फी, बुश, फिलिप्स. छपराखाली या टोकापासून त्या टोकापर्यंत ताणलेली तांब्याच्या जाळीची पट्टी, तिच्यातून खाली आलेली एरियलची तार. वर विणलेला रुमाल. पुढं ट्रान्झिस्टर आला तेव्हा त्याला चामड्याचं कव्हर, पुढं बारीक भोकांची जाळी, खांद्याला पट्टा. सेल उतरले की ते काढून पत्र्यावर उन्हात ठेवायचे, म्हणजे आणखी दोन-तीन संध्याकाळी निघायच्या. क्रिकेटची कॉमेंटरी लागली आणि नेमके सेल मेले, तर घरातल्या बॅटरीचे सेल काढले जायचे आणि मग रात्री परसाकडं अंधारात जाणाऱ्या आजीच्या शिव्या ऐकायच्या. शिवाय या सगळ्याला परवाना लागायचा. पोस्टात फी भरून तो दरवर्षी नवा करून घ्यायचा. ऐंशीच्या दशकात ती कटकट संपली.

बोलीचं दुखणं जास्त खोल गेलं. निजामाच्या काळात हैदराबादबरोबर औरंगाबादलाही रेडिओ केंद्र होतं, १९५० मध्ये ती दोन्ही ऑल इंडिया रेडिओत आली. साठच्या दशकात परभणीला केंद्र झालं. केंद्र आपल्या मातीतलं, पण बातम्यांची भाषा पुण्या-मुंबईची. ‘काय करायलास?’, ‘जेवायलो’, ‘येऊ लालाव’ असं दिवसभर बोलणारा माणूस माईकपुढं बसला की ‘करत आहे, जेवत आहे’ म्हणू लागतो. यात निवेदकाचा दोष नाही, सगळ्यांना कळेल अशी एक भाषा प्रसारणाला लागतेच. पण हळूहळू असं झालं, की गंभीर गोष्ट प्रमाण भाषेत आणि विनोद आपल्या बोलीत. पुढं मालिकांतही घरगडी, रखवालदार, भोळसट पाव्हणा हे आपल्यासारखे बोलणार आणि साहेब शुद्ध बोलणार. पोरगं पुण्याला शिकायला गेलं की आठ दिवसांत ‘करायलो’ गिळायला शिकतं. ते त्याला कुणी शिकवत नाही, त्यानं ते लहानपणापासून ऐकलेलं असतं.

हे आपल्याच वाट्याला आलं असंही नाही. बीबीसीवर बातम्या वाचायच्या तर दक्षिण इंग्लंडच्या सुशिक्षित वर्गाचा उच्चार हवा, असा दंडक होता. १९४१ मध्ये, युद्धाच्या धामधुमीत, यॉर्कशरच्या विल्फ्रेड पिकल्स यांना राष्ट्रीय बातम्या वाचायला बसवलं गेलं. जर्मनांना हा उच्चार नकलायला अवघड जाईल, असाही एक हिशेब त्यामागं असल्याचं सांगितलं जातं. तक्रारी आल्या त्या अशा, की या माणसाच्या तोंडून बातमी खरी वाटत नाही. बातमी तीच, शब्द तेच, फक्त तोंड गावाकडचं.

ऐकून झाल्यावर

रेडिओनं शेतकरी बदलतो का? या प्रश्नाची जगातली एक गाजलेली परीक्षा महाराष्ट्रातच झाली. १९४१ मध्ये कॅनडात शेतकऱ्यांचे रेडिओ गट सुरू झाले होते. शेजारपाजारचे लोक एका घरी जमून शेतीचा कार्यक्रम ऐकायचे आणि मग त्यावर बोलायचे. ती कल्पना युनेस्कोच्या मदतीनं १९५६ मध्ये पुणे केंद्रानं उचलली. पुणे, नगर, नाशिक, उत्तर सातारा आणि कोल्हापूर या पाच जिल्ह्यांतली दीडशे गावं निवडली. दहा आठवडे, वीस कार्यक्रम. मराठवाडा त्यात नव्हता, कारण आपण तेव्हा अजून हैदराबाद राज्यात होतो. द्विभाषिक मुंबई राज्यात आलो ते त्याच वर्षीच्या १ नोव्हेंबरला.

अभ्यासकांनी तीन तऱ्हेची गावं ताडून पाहिली. रेडिओ आणि चर्चेचा गट असलेली, नुसता रेडिओ असलेली आणि काहीच नसलेली. गट असलेल्या गावांत लोकांची माहिती भराभर वाढली. नुसता रेडिओ असलेल्या गावांत फरक त्या मानानं फार थोडा पडला. मला ही गोष्ट या सगळ्या विषयाची किल्ली वाटते. खत किती घालायचं ते रेडिओनं सांगितलं, पण ते पटलं गड्याशी हुज्जत घालताना. पुढं तामिळनाडूत एडीटी-२७ नावाच्या भाताला शेतकरी ‘रेडिओ भात’च म्हणू लागले, इतका आकाशवाणीनं त्याचा प्रचार केला होता. आपल्याकडं १९७२ मध्ये परभणीला कृषी विद्यापीठ झालं. तिथल्या तज्ज्ञांचा सल्ला परभणी केंद्रावरून लागायचा आणि पारावर त्याची चिरफाड व्हायची. कोरडवाहूवाल्याला ठिबकचं कौतुक सांगणारा तज्ज्ञ पारावर टिकत नसे.

टीव्हीचीही अशीच मोठी परीक्षा झाली. १ ऑगस्ट १९७५ पासून वर्षभर अमेरिकेच्या एटीएस-६ या उपग्रहावरून सहा राज्यांतल्या सुमारे २,४०० खेड्यांत थेट टीव्ही पोचवला गेला, तारेच्या जाळीच्या छत्र्या लावून. शेजारी गुलबर्ग्याकडं तो आला, सीमेच्या अलीकडं आपल्याला नाही. आपल्याकडं खेड्यापाड्यात टीव्ही दिसायला लागला तो ऐंशीच्या दशकात, छोटे प्रक्षेपक उभे राहिल्यावर. एक जण माळवदावर अँटेना फिरवतोय, एक जण दारात ‘आलं... गेलं... थांब!’ करतोय, आणि आत रामायणासाठी चाळीस माणसं मांडी घालून बसलीत. हे चित्र सगळ्यांना पाठ आहे, त्यावर वेळ घालवत नाही.

मालिकांनी माणसं कशी बदलतात, हा जास्त गमतीचा विषय. १९६९ मध्ये पेरूमध्ये एक मालिका तुफान चालली. खेड्यातून आलेली मोलकरीण शिवणकाम शिकते आणि नाव काढते. पेरूतच नाही, ती जिथं जिथं दाखवली तिथं शिवणाच्या वर्गांना गर्दी झाली, शिलाई मशीनचा खप वाढला. कुणी प्रचार केला नव्हता. मेक्सिकोतल्या मिगेल साबिदो यांनी यातलं मर्म ओळखलं आणि १९७५ पासून साक्षरता, कुटुंबनियोजन असे विषय मालिकांत मुद्दाम गुंफायला सुरुवात केली. ती वाट दिल्लीपर्यंत आली आणि ७ जुलै १९८४ ला ‘हम लोग’ सुरू झाली. मनोहर श्याम जोशींचं लेखन, प्रत्येक भागाच्या शेवटी अशोक कुमार पडद्यावर येऊन दोन शब्द बोलणार.

पुढं अभ्यासकांनी प्रेक्षकांशी बोलून पाहिलं, तेव्हा एक फजिती उघडी पडली. सगळं मुकाट सोसणारी आई भागवंती लेखकानं उभी केली होती ती ‘बायकांनो, असं होऊ नका’ हे दाखवायला. बऱ्याच प्रेक्षकांना तीच आदर्श वाटली. पुरुषांनाच नाही, बायकांनाही. पेरणाऱ्यानं एक पेरलं, उगवलं भलतंच.

म्हणून उपदेशापेक्षा नुसतं दिसणं जास्त काम करतं, असं मानायला जागा आहे. रॉबर्ट जेन्सन आणि एमिली ऑस्टर यांनी २००१ ते २००३ या काळात भारतातल्या काही राज्यांतली खेडी अभ्यासली. ज्या गावांत नव्यानं केबल आली तिथं नवऱ्यानं मारणं योग्य आहे म्हणणाऱ्या बायका कमी झाल्या, मुलगाच हवा हा हट्टही कमी झाला. केबलवरच्या त्या मालिका काही स्त्रीमुक्तीच्या नव्हत्या. सासू-सुनांची कारस्थानं होती. पण त्यांत बायका खुर्चीवर बसत होत्या, घराबाहेर जात होत्या, पैशाचे व्यवहार करत होत्या, उलट बोलत होत्या. अर्थात मत बदललं म्हणजे वागणं बदललं असं नाही. केबल बघून बाईला सर्वेक्षणात काय उत्तर द्यावं एवढंच कळलं असेल, ही शंका रास्त आहे. ब्राझीलमध्ये मात्र आकडा जन्माचा आहे, तोंडी उत्तराचा नाही. ग्लोबो वाहिनी जिथं जिथं पोचली तिथं जन्मदर आणखी घटला, कारण तिच्या मालिकांतली कुटुंबं लहान असायची. लोक पोरांची नावंही मालिकेतल्या पात्रांवरून ठेवू लागले. आपल्याकडच्या झेडपीच्या शाळेत हजेरी घेणाऱ्या गुरुजींना यात नवल वाटणार नाही.

तोच माईक, दुसरा हात

इथवर वाचून प्रसारण म्हणजे एकूण बरीच गोष्ट असं वाटत असेल तर रवांडाकडं बघावं लागेल. जुलै १९९३ मध्ये तिथं आरटीएलएम नावाचं खासगी स्टेशन सुरू झालं. उत्तम गाणी, टिंगलटवाळी, तरुणांची बोलीभाषा. सरकारी रेडिओच्या कंटाळवाण्या सुरापुढं लोकांना ते फार आवडलं. त्याच मैत्रीच्या सुरात तुत्सी या अल्पसंख्य जमातीच्या लोकांना ‘झुरळं’ म्हटलं जाऊ लागलं. एप्रिल १९९४ मध्ये कत्तल सुरू झाली तेव्हा त्यावरून माणसांची नावं आणि लपायच्या जागा सांगितल्या गेल्या. सुमारे शंभर दिवसांत आठ लाखांच्या आसपास माणसं मारली गेली. २००३ मध्ये आंतरराष्ट्रीय न्यायाधिकरणानं स्टेशनच्या कर्त्याधर्त्यांना शिक्षा ठोठावल्या. बोली वापरली म्हणजे रेडिओ लोकांचा झाला, असं मी वर सुचवलं असेन तर त्यात ही भर घालून वाचा. द्वेषालाही बोली फार छान येते. हिटलरच्या जर्मनीत १९३३ मध्येच स्वस्त रेडिओ बाजारात आणला होता. त्याच्या मॉडेलचं नाव ‘व्हीई ३०१’, म्हणजे हिटलर सत्तेवर आला ती ३० जानेवारी. प्रत्येक घरात एकच आवाज जावा म्हणून सेट स्वस्त.

बातम्यांचा परिणाम याहून साधा, पण रोजचा. मॅक्सवेल मॅककॉम्ब्स आणि डोनाल्ड शॉ या अमेरिकी अभ्यासकांनी १९७२ मध्ये एक मांडणी केली. काय मत बनवायचं हे माध्यमं फारसं ठरवू शकत नाहीत, पण कशाबद्दल मत बनवायचं हे तीच ठरवतात. याचा अर्थ लातूरकरांना पुस्तकातून शिकायची गरज नाही. एप्रिल २०१६ मध्ये मिरजेहून पाण्याची रेल्वे लातूरला आली. पहिल्या खेपेला दहा टाक्या, पाच लाख लिटर. देशभरातले कॅमेरे स्टेशनवर हजर. रेल्वे दिसते, नळी दिसते, गर्दी दिसते. भूजल उपसून वर्षानुवर्षं खाली गेलेली पातळी दिसत नाही. उसाखालचं क्षेत्र दिसतं, पण त्यात ‘घटना’ घडत नाही. दुष्काळ सावकाश येतो आणि कॅमेऱ्याला सावकाश येणारं काही टिपता येत नाही. म्हणून पाऊस पडला तसे कॅमेरे गेले, आणि शहरांतल्या लोकांना वाटलं दुष्काळ संपला.

३० सप्टेंबर १९९३ च्या पहाटेचं उदाहरण दोन्ही बाजूंनी बोलतं. त्या भूकंपात दहा हजारांच्या आसपास माणसं गेली. रेडिओ-टीव्हीनं ते जगभर पोचवलं म्हणून मदत आली, पुनर्वसनाला जागतिक बँकेचं कर्ज आलं. पण जगानं नाव लक्षात ठेवलं एकच, किल्लारी. नवीन जागी पूर्ण वसवावी लागलेली गावं बावन्न होती, लातुरातली आणि धाराशिवातलीही. सास्तूर, होळी, मंगरूळ, पेठसांगवीच्या माणसाला आजही ‘म्हणजे किल्लारीजवळ’ असं सांगून आपलं दुःख ओळखीचं करून द्यावं लागतं.

आणि ज्याच्या हातात माईक, त्याला पैसे कोण देतो? ब्रिटननं घरटी परवाना फी घेतली, अमेरिकेनं जाहिरातींवर सोडलं, आपण सरकारकडं ठेवलं. सरकारचा हात थोडा सैल व्हावा म्हणून १९९० मध्ये प्रसार भारतीचा कायदा झाला, अमलात यायला १९९७ उजाडलं. मधल्या काळात उपग्रह वाहिन्या आल्या, आणि २००० मध्ये ईटीव्ही मराठी सुरू झाली तेव्हा एक जुनं वर्तुळ पुन्हा फिरलं. तिचा स्टुडिओ होता हैदराबादजवळच्या रामोजी फिल्म सिटीत. नांदेडची बातमी हैदराबादला जायची आणि तिथून नांदेडला दिसायची. निजामाच्या रेडिओपेक्षा हे कितीतरी बरं होतं हे कबूल, जिल्ह्याजिल्ह्याची बातमी पहिल्यांदा पडद्यावर आली. तरी दिशा बघण्यासारखी आहे.

९ फेब्रुवारी १९९५ ला सर्वोच्च न्यायालयानं सांगितलं, की हवेतल्या लहरी ही जनतेची मालमत्ता आहे, सरकारची मक्तेदारी नाही. निकाल क्रिकेटच्या प्रक्षेपणावरून निघालेल्या वादात आला, पण त्याचा आधार घेत खासगी आणि सामुदायिक रेडिओची वाट मोकळी झाली. बिदरच्या पलीकडं, झहीराबादजवळच्या माचनूर गावात २००८ पासून संगम रेडिओ चालतो. शेतमजुरी करणाऱ्या दलित बायका तो चालवतात, त्यांच्या तेलुगू बोलीत, ज्वारी-बाजरीवर, बियाण्यांवर, दुखण्यांवर. आपल्या सीमेपासून फार लांब नाही. शंभर वॅटचा प्रक्षेपक, दहा-पंधरा किलोमीटरची पोच. नियमानं संस्था, महाविद्यालय, कृषी विज्ञान केंद्र, कुणालाही अर्ज करता येतो आणि निम्मा तरी कार्यक्रम स्थानिक लागतो.

बातम्यांच्या बाबतीत मात्र हात अजून बांधलेले आहेत. टीव्हीवर खासगी वाहिन्या चोवीस तास बातम्या देऊ शकतात. मोबाइलवर कुणीही चॅनेल काढतं, गल्लीतल्या भांडणाचं थेट प्रक्षेपण करतं. खासगी एफएमला स्वतःच्या बातम्या द्यायला मनाई आहे, ती फक्त आकाशवाणीच्याच बातम्या जशाच्या तशा लावू शकते. हवामान, वाहतूक, परीक्षांचे निकाल, खेळ यांना बातमी धरत नाहीत, ते चालतं. वीज आणि पाणीपुरवठ्याच्या सूचनाही चालतात, स्थानिक प्रशासन देईल त्या. म्हणजे नळाला पाणी दहा दिवसांनी येणार हे रेडिओवरून सांगता येतं. दहा दिवसांनी का येतंय, हे विचारायला बातमीदार पाठवता येत नाही.